दहा हजार चित्रांतून प्राण फुंकणारा कलावंत : विन्सर मॅके

शिकागोच्या पॅलेस नाट्यगृहात ८ फेब्रुवारी १९१४ रोजी एक ठेंगणे, सडपातळ गृहस्थ हातात चाबूक घेऊन रंगमंचावर आले. त्यांच्यामागे पांढरा पडदा होता. सर्कशीतल्या रिंगमास्टरच्या थाटात त्यांनी हाक मारली आणि पडद्यावरच्या गुहेतून एका महाकाय डायनोसोरने हळूच मान बाहेर काढली. तिचे नाव गर्टी. मालकाच्या आज्ञेनुसार ती पुढे आली, वाटेत एक झाड उपटून खाल्ले, प्रेक्षकांना लवून नमस्कार केला. एक आज्ञा तिने मोडली तेव्हा मालक रागावले आणि गर्टी चक्क रडू लागली. मालकांनी तिची समजूत काढली, हातातले सफरचंद पडद्याच्या दिशेने फेकले आणि ते तिने तोंडात झेलले. शेवटी ते गृहस्थ पडद्यामागे गेले; त्याच क्षणी त्यांचीच छोटी रेखाकृती पडद्यावर अवतरली, गर्टीने तिला अलगद उचलून पाठीवर घेतले आणि दोघे दिसेनासे झाले.

ते गृहस्थ म्हणजे विन्सर मॅके. अमेरिकेतील वृत्तपत्रांचे नामवंत चित्रकार, ‘लिटल निमो’ या अजरामर चित्रमालेचे जनक आणि सचेतनपटाच्या, म्हणजे ज्याला आज सर्रास ॲनिमेशन म्हटले जाते त्या कलेच्या, आद्य शिल्पकारांपैकी एक. जगातला पहिला सचेतनपट त्यांनीच काढला, असे अनेक ठिकाणी छापले जाते. ते खरे नाही. अमेरिकेत जे. स्टुअर्ट ब्लॅक्टन यांनी १९०६ मध्ये आणि फ्रान्समध्ये एमिल कोल यांनी १९०८ मध्ये हलती रेखाचित्रे पडद्यावर आणली होती. मात्र त्या चित्रांत गंमत होती, व्यक्तिमत्त्व नव्हते. कागदावरच्या प्राण्याला वजन, श्वास, लहर आणि हट्ट असू शकतो, हे मॅके यांनी दाखवून दिले. आणि ज्या माध्यमाला त्यांनी हे सारे दिले, त्या माध्यमात त्यांना स्वतःला फार काळ काम करता आले नाही.

मॅके यांच्या जन्माची नोंद निर्विवाद नाही. वेगवेगळ्या कागदपत्रांतून १८६६ ते १८७१ या दरम्यानची वर्षे निघतात. वडील रॉबर्ट मूळचे कॅनडातले. त्यांनी मुलाचे नाव आपले मालक झीनस विन्सर यांच्यावरून ठेवले. पुढे मुलाने पहिले नाव गाळले आणि विन्सर एवढेच वापरले. बालपण मिशिगन राज्यातील स्प्रिंग लेक या लाकूड व्यवसायाच्या गावी गेले. हा मुलगा हाताला लागेल त्यावर चित्र काढी. तेराव्या वर्षाच्या सुमारास त्याने शाळेच्या फळ्यावर बुडणाऱ्या जहाजाचे चित्र काढले. ते इतके हुबेहूब वठले की त्याचे छायाचित्र घेऊन प्रती विकल्या गेल्या. बुडत्या जहाजाचा हा विषय त्यांच्या आयुष्यात पुन्हा एकदा यायचा होता.

चित्रकलेवर पोट भरत नाही ही वडिलांची ठाम समजूत. म्हणून १८८६ मध्ये विन्सरची रवानगी यप्सिलँटी येथील वाणिज्य महाविद्यालयात झाली. हिशेबाच्या वर्गात त्याचे मन रमेना. तो आगगाडीने डेट्रॉइट गाठी आणि तिथल्या ‘वंडरलँड’ नावाच्या मनोरंजनगृहात लोकांची व्यक्तिचित्रे काढून देई. चित्रामागे पंचवीस सेंट मिळत, त्यातले निम्मे त्याचे. अशी ठिकाणे त्या काळी ‘डाइम म्युझियम’ म्हणून ओळखली जात. नाव संग्रहालयाचे, प्रत्यक्षात तो आपल्याकडच्या जत्रेतल्या तंबूंसारखा प्रकार. विचित्र माणसे, जादूगार, आरसे, मेणाचे पुतळे असे सारे तिथे असे. मॅके यांच्या चित्रांतील ताणलेल्या, फुगलेल्या, वाकड्यातिकड्या आकृतींचे मूळ अभ्यासकांना या आरशांत आणि तंबूंत सापडते.

त्यांना रीतसर कलाशिक्षण असे एकच मिळाले. यप्सिलँटीच्या अध्यापक विद्यालयात भूगोल आणि चित्रकला शिकवणारे जॉन गुडिसन यांनी या मुलातील गुण हेरून त्याला खासगी धडे दिले. गुडिसन पूर्वी रंगीत काचकामाचे कारागीर होते. यथार्थदर्शनाचे, म्हणजे दूरच्या-जवळच्या वस्तूंच्या प्रमाणाचे, नियम त्यांनी विद्यार्थ्याकडून इतके घोटवून घेतले की पुढे मॅके यांना मनातल्या मनात एखादी इमारत उभी करून ती कोणत्याही कोनातून सहज रेखाटता येई. सपाट रंगांची ठसठशीत मांडणीही बहुधा काचकामाच्या याच वारशातून आली असावी.

१८८९ मध्ये शिकागोच्या कलासंस्थेत प्रवेश घेण्याच्या इराद्याने ते त्या शहरात गेले. पण खिशात पैसे नव्हते. शिक्षण राहिले आणि सर्कशीची व नाटकांची भित्तिपत्रके छापणाऱ्या कारखान्यात नोकरी पत्करावी लागली. दोन वर्षांनी ते सिनसिनाटीला गेले. तिथल्या डाइम म्युझियमसाठी फलक रंगवताना रस्त्यावर बघ्यांची गर्दी जमे, कारण मॅके आकृतीची बाह्यरेषा कुठेही न थांबता एका दमात ओढत. १८९१ मध्ये मॉड ड्यूफोर यांच्याशी त्यांचा विवाह झाला; रॉबर्ट आणि मॅरियन ही दोन मुले. संसार वाढला तसा वृत्तपत्रांतल्या चित्रांचा जोडधंदा सुरू झाला आणि काही वर्षांतच तो मुख्य व्यवसाय बनला.

सिनसिनाटीच्या ‘एन्क्वायरर’ पत्रात १९०३ मध्ये त्यांची पहिली मोठी चित्रमाला आली. जंगलातल्या तीन कृष्णवर्णीय मुलांच्या खोड्यांवर बेतलेल्या या मालेचे ४३ भाग निघाले. आज ती पाहताना अवघडल्यासारखे होते. आफ्रिकी माणसांचे जे विद्रूप, हास्यास्पद चित्रण त्या काळच्या अमेरिकी वृत्तपत्रांत रूढ होते, तेच मॅके यांनी निमूटपणे उचलले आणि पुढे ‘लिटल निमो’मधील एका पात्रातही ते कायम ठेवले. कल्पनेत एवढी मोठी झेप घेणाऱ्या माणसाची नजर या बाबतीत मात्र आपल्या काळाच्या कुंपणापलीकडे गेली नाही.

त्याच वर्षी ‘न्यूयॉर्क हेरल्ड’चे बोलावणे आले आणि मॅके कुटुंब न्यूयॉर्कला स्थलांतरित झाले. पुढच्या सात-आठ वर्षांत त्यांनी जे काम केले ते एका माणसाचे वाटत नाही. १९०४ मध्ये ‘लिटल सॅमी स्नीझ’ ही माला सुरू झाली. तिच्यातला मुलगा दर आठवड्याला एकच गोष्ट करतो. तो शिंकतो आणि आसपासचे सगळे कोसळते. एका भागात तर त्याच्या शिंकेने चित्राची चौकटच फुटून तुकडे होतात. सप्टेंबर १९०४ मध्ये ‘ड्रीम ऑफ द रेअरबिट फीन्ड’ आली. रात्री वितळलेल्या चीजचा टोस्ट खाऊन झोपलेल्या माणसाला भयंकर स्वप्न पडते आणि शेवटच्या चौकटीत तो जागा होऊन त्या टोस्टला शिव्या घालतो, एवढाच तिचा साचा. स्वप्ने मात्र साधी नव्हती. एका भागात जिवंतपणी पुरल्या जाणाऱ्या माणसाला शवपेटीतून वर पाहताना काय दिसेल ते वाचकाने पाहिले. ही माला प्रौढांसाठी होती आणि मॅके तिच्याखाली ‘सायलस’ या टोपणनावाने सही करत.

१५ ऑक्टोबर १९०५ रोजी ‘हेरल्ड’च्या रविवार पुरवणीत ‘लिटल निमो इन स्लंबरलँड’चा पहिला भाग प्रसिद्ध झाला. निमो हा पाच-सहा वर्षांचा मुलगा. त्याचा चेहरा मॅके यांनी आपल्या रॉबर्टवरून घेतला होता. निद्रानगरीचा राजा मॉर्फियस त्याला आपल्या राजकन्येशी खेळण्यासाठी बोलावतो आणि दर रविवारी निमो तिकडे निघतो. प्रत्येक भागाच्या शेवटी तो पलंगावरून खाली पडून जागा होतो. राजवाड्यापर्यंत पोहोचायलाच त्याला कित्येक महिने लागले. कथा म्हणून यात फारसे काही नाही, संवाद तर कित्येकदा रटाळ आहेत. वाचक खिळत असे तो पानाच्या रचनेने. चौकटी एकसारख्या असाव्यात हा नियम मॅके यांनी मोडला. हत्ती जवळ येतो तशी चौकट मोठी होते, जिना उंच चढतो तशी चौकट उंचावते. २६ जुलै १९०८ च्या भागात निमोच्या पलंगाचे पाय लांबच लांब वाढतात आणि तो पलंग घोड्यासारखा शहरातल्या इमारतींवरून चालत सुटतो. ‘हेरल्ड’च्या छपाई कारागिरांची रंगछपाई त्या काळी सर्वोत्तम गणली जाई आणि मॅके त्यांना प्रत्येक छटेसाठी सविस्तर सूचना लिहून देत. या पानांतील सलग चौकटी एकापाठोपाठ एक पाहिल्या की चित्र हलते आहे असा भास होतो. कागद त्यांना अपुरा पडू लागला होता, हे त्या पानांतूनच कळते.

१९०६ पासून मॅके रंगमंचावरही दिसू लागले. गाणी, नकला, कसरती आणि जादू यांचा मिश्र कार्यक्रम असलेल्या ‘वॉडव्हिल’ या प्रकाराची तेव्हा चलती होती. मॅके फळ्यावर खडूने एक मुलगा आणि एक मुलगी काढत. मग पुसत आणि बदलत त्याच चेहऱ्यांना तारुण्य, प्रौढत्व, म्हातारपण असे पुढे नेत. पंधरा मिनिटांत पंचवीस चित्रे. यासाठी त्यांना आठवड्याला ५०० डॉलर मिळत. बारकाईने पाहिले तर फळ्यावरचा हा खेळ संथ गतीचा सचेतनपटच होता. दरम्यान ‘लिटल निमो’वर १९०८ मध्ये ब्रॉडवेवर भव्य संगीतनाटक आले, प्रेक्षकांनी डोक्यावर घेऊनही प्रचंड खर्चामुळे ते तोट्यात गेले.

चित्रे हलवण्याची कल्पना आपल्या मुलाच्या खेळण्यातून सुचल्याचे मॅके सांगत. भराभर पाने उलटली की चित्र हलताना दिसते, अशा छोट्या वह्या रॉबर्टने घरी आणल्या होत्या. तत्त्व साधे होते. कॅमेऱ्यापुढची स्थिती किंचित बदलायची, एक चौकट टिपायची, पुन्हा बदलायची. त्याच सुमारास मुंबईत दादासाहेब फाळके वाटाण्याच्या रोपाची वाढ अशीच एकेक चौकट टिपून पडद्यावर आणण्याचा प्रयोग करत होते. दोघांना एकमेकांची गंधवार्ता नव्हती. फरक इतकाच की फाळके यांच्या कॅमेऱ्यापुढचे रोप स्वतः वाढत होते, मॅके यांना प्रत्येक बदल स्वतः रेखाटायचा होता. ‘लिटल निमो’वरील पहिल्या चित्रपटासाठी त्यांनी तांदळाच्या कागदासारख्या पातळ कागदावर ४,००० चित्रे काढली. छायाचित्रण ब्लॅक्टन यांच्या देखरेखीखाली ‘व्हायटाग्राफ’ कंपनीत झाले आणि एप्रिल १९११ मध्ये हा चित्रपट प्रदर्शित झाला. त्यात पात्रे ताणली जातात, आखडतात, हवेत विरघळतात. कथा अशी नाहीच. नंतर त्यांनी तो चित्रपट हाताने रंगवलाही.

दुसरा चित्रपट १९१२ मधला, एका डासावरचा. डोक्यावर उंच हॅट घातलेला हा डास झोपलेल्या माणसाचे रक्त पीत राहतो आणि अखेर फुगून फुटतो. त्यासाठी ६,००० चित्रे लागली. प्रेक्षक हसले, पण पुष्कळांनी असा समज करून घेतला की हा तारेने नाचवलेला बाहुला असावा. मॅके यांना ही शंका झोंबली. ज्या प्राण्याचे छायाचित्र कुणालाच घेता येणार नाही, जो कोट्यवधी वर्षांपूर्वी नामशेष झाला आहे, असा प्राणी पडद्यावर आणायचा त्यांनी निश्चय केला. गर्टीचा जन्म असा झाला.

गर्टीसाठी सुमारे १०,००० चित्रे लागली. प्रत्येक कागद साधारण साडेसहा इंच गुणिले साडेआठ इंचांचा. गर्टी हलत असली तरी मागचे डोंगर, खडक आणि तळे स्थिर असायला हवे होते. पण पारदर्शक पत्र्याचे तंत्र अजून आले नव्हते. म्हणून तेच डोंगर आणि तेच तळे प्रत्येक कागदावर पुन्हा गिरवावे लागे. हे कंटाळवाणे काम शेजारी राहणाऱ्या जॉन फिट्झसिमन्स या कलाविद्यार्थ्याने केले. पार्श्वभूमीच्या रेषा पडद्यावर किंचित थरथरताना दिसतात त्या यामुळे. गर्टी मात्र पूर्णतः मॅके यांच्या हातची.

या कामात मॅके यांनी ज्या युक्त्या योजल्या, त्या पुढे अख्ख्या उद्योगाच्या व्याकरणाचा भाग झाल्या. कागद सरकू नयेत म्हणून त्यांनी कोपऱ्यांत फुल्यांच्या खुणा केल्या. हालचालीच्या आरंभाची आणि शेवटची चित्रे आधी काढायची, मग त्यांच्या मधले चित्र, मग त्या दोहोंच्या मधले, अशी विभागणी केली. त्यामुळे हालचालीचा वेळ नेमका साधता येई. पुनःपुन्हा होणाऱ्या हालचालींसाठी तीच चित्रे फिरून वापरली. गर्टीच्या श्वासाची लय बसवण्यासाठी त्यांनी घड्याळ लावून स्वतःचा श्वास मोजला. म्हणूनच ती नुसती उभी असते तेव्हाही तिचे पोट वरखाली होते आणि ती पाय टाकते तेव्हा जमीन दबल्यासारखी वाटते. तंत्राच्या इतिहासात या फुल्यांची आणि विभागणीची नोंद होते. प्रेक्षकांच्या मनात राहिले ते तिचे रडणे.

या युक्त्यांचे एकस्व, म्हणजे पेटंट, घ्यावे असे मॅके यांना वाटले नाही. जो येईल त्याला ते कामाची पद्धत मोकळेपणाने दाखवत. गर्टीचे काम चालू असताना वार्ताहर म्हणवणारा एक माणूस येऊन सारे पाहून गेला आणि तो प्रत्यक्षात चित्रपटकार जॉन रँडॉल्फ ब्रे होता, असे सांगितले जाते. ब्रे यांनी सचेतनपटाच्या पद्धतींवर पेटंट मिळवले आणि पुढे खुद्द मॅके यांच्यावरच दावा लावला, एवढे निश्चित. तो दावा टिकला नाही. उलट मॅके यांना काही वर्षे ब्रे यांच्याकडून स्वामित्वधन मिळाल्याचे पुरावे आहेत. पण कारखानदारी पद्धतीने, कामगारांच्या तुकड्या लावून सचेतनपट काढण्याचा धंदा उभा केला तो ब्रे आणि त्यांच्यासारख्यांनी. मॅके आपल्या टेबलाशी एकटेच राहिले.

त्यांची खरी अडचण दुसरीकडे होती. १९११ मध्ये अधिक वेतनावर ते वृत्तपत्रसम्राट विल्यम रँडॉल्फ हर्स्ट यांच्याकडे गेले होते. ‘लिटल निमो’ हे शीर्षक ‘हेरल्ड’कडे राहिले, पात्रे मात्र मॅके यांना न्यायालयातून मिळाली, त्यामुळे निमोच्या सफरी हर्स्ट यांच्या पत्रात वेगळ्या नावाने १९१४ पर्यंत चालल्या. पगारी चित्रकाराने रात्री रंगमंचावर डायनोसोर नाचवावा आणि दौऱ्यावर जावे, हे हर्स्ट यांना मान्य नव्हते. गर्टीचे खेळ गाजू लागताच त्यांनी मॅके यांच्या न्यूयॉर्कबाहेरच्या प्रयोगांवर बंदी घातली आणि हळूहळू रंगमंच जवळजवळ बंदच केला. मॅके यांनी गर्टीच्या चित्रपटाला माणसांनी अभिनय केलेला एक भाग जोडला. रंगमंचावरच्या मालकाचे शब्द पाट्यांवर छापले आणि १९१४ अखेरीस तो चित्रपटगृहांकडे रवाना केला. आज जो चित्रपट उपलब्ध आहे तो हाच. मालकाविना गर्टी थोडी एकाकी वाटते.

हर्स्ट यांचे संपादक आर्थर ब्रिस्बेन यांचे मत असे की मॅके हे गंभीर कलावंत असून त्यांनी हास्यचित्रांत वेळ दवडू नये. निमो बंद झाला आणि मॅके अग्रलेखांसोबतची मोठमोठी रूपकचित्रे काढू लागले. लोभाचा राक्षस, काळाचा प्रवाह, अफूचा विळखा असले विषय. रेषा विलक्षण, मजकूर दुसऱ्याचा. जवळपास दोन दशके त्यांच्या हातून प्रामुख्याने हेच काम झाले. ही चित्रे पाहताना कारागिरीने मन थक्क होते, पण एकही चित्र ध्यानात राहत नाही.

याच काळात त्यांनी नोकरीत राहून मालकाच्या धोरणाविरुद्ध जाणारे एक काम हाती घेतले. ७ मे १९१५ रोजी आयर्लंडच्या किनाऱ्याजवळ जर्मन पाणबुडीने ‘लुसिटानिया’ हे ब्रिटिश प्रवासी जहाज पाणतीराने बुडवले. अठरा मिनिटांत जहाज तळाला गेले आणि सुमारे १,२०० माणसे मृत्युमुखी पडली. त्यांत १२८ अमेरिकी होते. अमेरिका तेव्हा युद्धात नव्हती आणि तिने उतरू नये असे हर्स्ट यांचे मत होते. त्यांच्या पत्रांसाठी युद्धविरोधी चित्रे मॅके यांनाच काढावी लागत. दिवसा ते काम करून हा माणूस संध्याकाळी ब्रुकलिनच्या शीप्सहेड बे भागातील आपल्या घरी परते आणि स्वतःच्या पैशाने लुसिटानियाचे बुडणे रेखाटत बसे.

त्या घटनेचे चित्रीकरण जगात कुणाकडेच नव्हते. मॅके यांनी मिळेल ती माहिती गोळा केली आणि समोर घडत असल्याप्रमाणे सारे मांडले. धुक्यातून सरकणारी पाणबुडी, कलणारे जहाज, दोरांवरून मुंग्यांसारखी खाली ओघळणारी माणसे, धुराचे फुगणारे लोट. यासाठी सुमारे २५,००० चित्रे काढावी लागली. या वेळी त्यांनी प्रथमच सेल्युलॉइडचे पारदर्शक पत्रे वापरले, त्यामुळे समुद्र पुनःपुन्हा गिरवण्याची गरज उरली नाही. फिट्झसिमन्स आणि विल्यम ॲप्थॉर्प ॲडम्स हे दोघे मदतीला असूनही बावीस महिने गेले. या अवधीत जग बदलले. एप्रिल १९१७ मध्ये अमेरिका युद्धात उतरली आणि चित्रपट जुलै १९१८ मध्ये प्रदर्शित झाला तेव्हा लोकांच्या भावना हेलावण्याची वेळ निघून गेली होती. गाजावाजा झाला, पण एवढ्या श्रमांच्या मानाने हाती फार आले नाही.

हा बारा मिनिटांचा चित्रपट उघड प्रचारकी आहे. पाट्यांवरची भाषा जर्मनद्वेषाने भरलेली आहे. तरीही शेवटी लाटांखाली जाणारी आई बाळाला दोन्ही हातांनी वर धरते, त्या दृश्यावर प्रचाराची छाया पडत नाही. रेखाचित्र हसवण्याखेरीज दुसरे काही करू शकते, हे तोवर पडद्यावर इतक्या ताकदीने कुणी दाखवले नव्हते. पुढे कित्येक वर्षे दुसऱ्या कुणी त्या वाटेला फारसे गेलेही नाही.

१९२१ मध्ये मॅके यांचे तीन छोटे चित्रपट आले. ‘द पेट’मध्ये घरी आणलेले गोंडस पिल्लू खात खात एवढे वाढते की शहरातल्या इमारतींवरून डोके काढते, ‘किंग काँग’ त्यानंतर बारा वर्षांनी आला. ‘द फ्लाइंग हाऊस’मध्ये कर्जाच्या कटकटीतून सुटण्यासाठी एक गृहस्थ घरालाच पंख आणि इंजिन बसवून पत्नीसह आकाशात उड्डाण करतो. त्यावर रॉबर्टचेही नाव आहे. हे त्यांचे शेवटचे पूर्ण झालेले चित्रपट. १९२४ मध्ये हर्स्ट यांची नोकरी सोडून त्यांनी जुन्या पत्रात निमोचे पुनरुज्जीवन केले. पण वाचकांची अभिरुची बदलली होती. दोन वर्षांत माला बंद पडली आणि पत्राने तिचे सर्व हक्क एका डॉलरला मॅके यांच्या हवाली केले. १९२७ मध्ये ते पुन्हा हर्स्ट यांच्याकडे रुजू झाले.

त्याच वर्षी न्यूयॉर्कमधील सचेतनपटकारांनी त्यांच्या सन्मानार्थ मेजवानी दिली. तोवर हा धंदा भरभराटीला आला होता आणि जमलेल्या बहुतेकांचे पोट त्यावर चालत होते. मॅके बोलायला उभे राहिले, तंत्राविषयी काही सांगू लागले; पण मंडळी गप्पांत आणि पेयांत दंग होती. तेव्हा त्यांनी सरळ सुनावले की आपण ही कला म्हणून दिली होती, तुम्ही तिचा बाजार मांडलात. एवढे बोलून ते खाली बसले. श्रोत्यांपैकी बरेच जण आपल्याच चित्रांवर स्वतःची सही करण्याचा हक्क नसलेले पगारदार होते, ही गोष्टही लक्षात घ्यायला हवी.

२६ जुलै १९३४ रोजी दुपारी मॅके यांचे डोके असह्य दुखू लागले. थोड्याच वेळात उजवा हात निर्जीव झाल्याचे त्यांच्या ध्यानात आले. त्याच हाताने ते चित्र काढत. मग शुद्ध हरपली आणि काही तासांत प्राणज्योत मालवली. मेंदूतील विकाराने आलेला तो मृत्यू होता. ब्रुकलिनच्या एव्हरग्रीन्स दफनभूमीत त्यांचे दफन झाले.

त्यानंतर बराच काळ त्यांचे नाव मागे पडले. १९५५ मध्ये वॉल्ट डिस्ने यांनी दूरचित्रवाणीवरील आपल्या कार्यक्रमात सचेतनपटाचा इतिहास सांगताना गर्टीचा रंगमंचीय खेळ पुन्हा उभा केला. सल्ल्यासाठी रॉबर्ट मॅके यांना बोलावले होते. आपल्या विस्तीर्ण स्टुडिओकडे बोट दाखवून डिस्ने त्यांना म्हणाले की हे सारे खरे तर तुमच्या वडिलांचे असायला हवे होते, अशी आठवण सांगितली जाते. १९६६ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात ‘लिटल निमो’ची मूळ पाने मांडली गेली. १९७२ पासून सचेतनपटातील आयुष्यभराच्या कामगिरीसाठीचा ‘ॲनी’ पुरस्कार मॅके यांच्या नावे दिला जातो. अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत गर्टीचा समावेश १९९१ मध्ये, निमोचा २००९ मध्ये आणि लुसिटानियाचा २०१७ मध्ये झाला.

मूळ सामग्रीचे मात्र हाल झाले. कित्येक पाने आगीत आणि ओलाव्यात गेली. निमोच्या पुनरुज्जीवनासाठी रॉबर्ट यांचे भागीदार झालेले कापड व्यापारी आयर्व्हिंग मेंडेलसन यांच्या गॅरेजमध्ये चित्रपटांचे डबे पडून होते. त्यांतल्या काही जुन्या फिती वाचल्या, काहींचा भुगा झाला. ‘द सेंटॉर्स’ आणि गर्टीच्या दुसऱ्या सफरीचा चित्रपट यांचे आता केवळ तुकडे उरले आहेत. गर्टीच्या १०,००० चित्रांपैकी चारशेच्या आसपास कागद आज शिल्लक आहेत. ते याच मेंडेलसन यांच्या कापडाच्या दुकानात जीर्ण अवस्थेत सापडले होते.